मान्यता दिल्लीची, परीक्षा नांदेडची, विद्यार्थी कोणाचा?

अध्यापक घडविणाऱ्या संस्थांचे भवितव्य वर्गात न ठरता न्यायालयात ठरावे, ही गोष्ट कोणत्याही समाजाला भूषणावह नव्हे. परंतु महाराष्ट्रात गेली तीन दशके आणि त्याहूनही अधिक काळ हेच घडत आले आहे. प्रवेशाचा हंगाम जवळ आला की शिक्षणशास्त्र महाविद्यालये आणि अध्यापक विद्यालये वकिलांचे उंबरे झिजवू लागतात. कोणाला केंद्रीय परिषदेची मान्यता असते, पण विद्यापीठाचे संलग्नीकरण नसते. कोणाला मागील वर्षीचे संलग्नीकरण असते, पण चालू वर्षीचे नसते. कोणाची मान्यता काढून घेतलेली असते आणि त्या आदेशास स्थगिती मिळालेली असते. वाद चालू असतो तोवर प्रवेश झालेले असतात, शुल्क जमा झालेले असते, आणि परीक्षा तोंडावर येते तेव्हा सत्तर-ऐंशी मुलामुलींना प्रथमच कळते की, आपण ज्या महाविद्यालयात शिकतो ते विद्यापीठाच्या दप्तरी अस्तित्वातच नाही. मग आणखी एक याचिका, आणखी एक अंतरिम आदेश, आणि राखून ठेवलेला निकाल.

ह्या वादांकडे आजवर संस्थाचालक आणि सरकार ह्यांच्यामधील अधिकाराचा झगडा म्हणून पाहिले गेले. आमच्या मते ही दृष्टी अपुरी आहे. अधिकार कोणाचा हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयाने पुष्कळसा सोडविला आहे. न सुटलेला प्रश्न निराळाच आहे, आणि तो म्हणजे जबाबदारी कोणाची. दिल्लीची परिषद, मुंबईचे शासन आणि नांदेडचे विद्यापीठ ह्या तिघांपाशी एकेक किल्ली आहे. पण कुलूप उघडले नाही तर बाहेर तिष्ठत राहणाऱ्या विद्यार्थ्याला उत्तर देण्याचे बंधन तिघांपैकी एकावरही नाही. दोन घरचा पाहुणा उपाशी, अशी आपल्याकडे म्हण आहे. हा तर तीन घरचा पाहुणा आहे.

हा प्रश्न किल्लारीच्या बाजूने पाहिला म्हणजे त्याचे गांभीर्य अधिक ध्यानात येते. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे औसा आणि उमरगा तालुक्यांच्या ह्या पट्ट्यावर जो आघात झाला, त्याने हजारो माणसे नेली आणि पुढे ५२ गावे नव्या जागी वसवावी लागली. त्या दुःखातून उभे राहताना ह्या भागाने जी गोष्ट सर्वांत घट्ट धरून ठेवली ती शिक्षणाची. भूकंपग्रस्त कुटुंबांतील सुमारे १२०० मुले भारतीय जैन संघटनेने शिक्षणासाठी पुण्यास नेली, हे सर्वश्रुत आहे. जी मागे राहिली त्यांनी पत्र्याच्या निवाऱ्यांत बसून धडे गिरविले. कोरडवाहू जमीन, बेभरवशाचा पाऊस आणि उद्योगांचा अभाव अशा मुलखात शिक्षकाची नोकरी ही केवळ उपजीविका नसते. घरातील पहिला पगार, पहिली प्रतिष्ठा आणि पुष्कळ घरांत मुलीला पुढे शिकू देण्याचे एकमेव मान्य होणारे कारण, असे तिचे स्थान असते. गावाजवळ बी. एड. निघाले तर मुलगी शिकते. ते जिल्ह्याच्या ठिकाणीच राहिले तर पुष्कळदा तिचे शिक्षण पदवीपाशीच थांबते. म्हणून अशा एखाद्या महाविद्यालयाचे संलग्नीकरण अडकते तेव्हा केवळ एका संस्थेचे कागद अडकत नाहीत.

ह्या परिसराला शिक्षकाचे मोल नव्याने सांगावयास नको. किल्लारीपासून फारसे दूर नसलेल्या हिप्परगा येथील राष्ट्रीय शाळेत स्वामी रामानंद तीर्थ हे मुख्याध्यापक होते, आणि निजामी राजवटीविरुद्धच्या लढ्याचे नेतृत्व करणारा हा पुरुष मुळात शिक्षक होता. उर्दू ही शिक्षणाची आणि कारभाराची भाषा असताना मराठी मुलांना त्यांच्या भाषेत शिकविणे हेच त्या काळी एक व्रत होते. मराठवाडा मुक्त झाल्यावर १९५८ साली औरंगाबाद येथे ह्या विभागाचे पहिले विद्यापीठ आले, आणि १७ सप्टेंबर १९९४ रोजी, मुक्तिदिनाच्या मुहूर्तावर, त्यातून नांदेडचे विद्यापीठ निराळे झाले. त्याला स्वामीजींचेच नाव देण्यात आले. एका शिक्षकाच्या नावाने चालणाऱ्या विद्यापीठाच्या परिसरात शिक्षकांच्या शिक्षणाचा प्रश्न केवळ दप्तरी राहू नये, ही अपेक्षा अवाजवी म्हणता येणार नाही.

आता कायद्याकडे वळू. १९७३ पासून राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषद नावाची एक सल्लागार संस्था केंद्राकडे होती. पण सल्ल्याला दात नसतात. दरम्यान खासगी अध्यापक विद्यालयांचे पीक महाराष्ट्रात आणि आंध्रात असे माजले की, मान्यता नसलेल्या संस्थांतील विद्यार्थी परीक्षेला बसू देण्याची मागणी घेऊन न्यायालयात येऊ लागले. महाराष्ट्रातील अशाच एका प्रकरणात, विकास साहेबराव राऊंदळे ह्यांच्या खटल्यात, सर्वोच्च न्यायालयाने १९९२ साली ही मागणी ठामपणे नाकारली. अपुऱ्या साधनांच्या आणि निकृष्ट संस्थांतून बाहेर पडणारा शिक्षक पुढील पिढीचे नुकसान करतो, तेव्हा सहानुभूतीपोटी न्यायालयाने नियमभंगाला आश्रय देता कामा नये, हा त्या निर्णयाचा आशय होता. त्यानंतर किल्लारीचा भूकंप झाला त्याच वर्षाच्या अखेरीस, डिसेंबर १९९३ मध्ये, परिषदेला वैधानिक अधिकार देणारा कायदा मंजूर झाला आणि १९९५ पासून तो अमलात आला. पश्चिमेकडील राज्यांसाठी परिषदेची जी विभागीय समिती नेमण्यात आली तिचे कार्यालय प्रथम भोपाळला होते; नंतर ते दिल्लीस गेले.

ह्या कायद्यातील दोन कलमे वादाच्या मुळाशी आहेत. कलम १६ म्हणते की, परिषदेची मान्यता नसेल तर कोणत्याही विद्यापीठाने संलग्नीकरण देऊ नये वा परीक्षा घेऊ नये. कलम १४ चे सहावे पोटकलम म्हणते की, परिषदेने मान्यता दिल्याचा आदेश मिळाल्यावर परीक्षा घेणाऱ्या संस्थेने संलग्नीकरण द्यावे. वरवर पाहता चित्र स्वच्छ आहे. परंतु विद्यापीठांचा कारभार राज्याच्या कायद्याने चालतो. महाराष्ट्रात तो पूर्वी १९९४ च्या विद्यापीठ कायद्याने चालत असे, आता २०१६ च्या सार्वजनिक विद्यापीठ अधिनियमाने चालतो. ह्या कायद्यांत नव्या महाविद्यालयासाठी बृहत् आराखडा, विद्यापीठाची शिफारस आणि शासनाची परवानगी अशी स्वतंत्र वाट आखलेली आहे. केंद्राच्या वाटेने आलेली संस्था आणि राज्याच्या वाटेवर उभा असलेला पहारेकरी ह्यांची गाठ जेथे पडली तेथेच खटले उभे राहिले.

ह्या खटल्यांतील सर्वांत महत्त्वाचा खटला महाराष्ट्रातच झाला. शिक्षक पुष्कळ झाले आहेत, प्रशिक्षित बेकारांची संख्या वाढते आहे, सबब नव्या बी. एड. महाविद्यालयांना परवानगी नाही, असे धोरण राज्य शासनाने घेतले. संत ज्ञानेश्वर शिक्षणशास्त्र महाविद्यालयाने त्याला आव्हान दिले. ३१ मार्च २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला की, ह्या विषयात संसदेने संपूर्ण व्यवस्था केलेली आहे. मान्यतेचा अखेरचा अधिकार परिषदेचा आहे. राज्याने आपले मत परिषदेला कळवावे, पण परिषदेने मान्यता दिल्यावर धोरणाचे कारण सांगून शासनाने वाट अडवू नये आणि त्या कारणासाठी विद्यापीठाने संलग्नीकरण नाकारू नये. १९७६ च्या घटनादुरुस्तीने शिक्षण समवर्ती सूचीत गेले, आणि उच्च शिक्षणाचे मापदंड ठरविणे हे तर मुळापासूनच केंद्राच्या सूचीत आहे. तेव्हा कायद्याच्या दृष्टीने हा निर्णय बिनतोड होता.

परंतु त्याचा बाजारात जो अर्थ लावला गेला तो निराळा होता. आता परिषदेचा कागद आणला की झाले, विद्यापीठाचे काम केवळ शिक्का मारण्याचे, असा समज संस्थाचालकांच्या एका वर्गाने करून घेतला. परिषदेच्या समितीनेही मान्यता देताना हात सैल सोडले. परिणाम काय झाला हे दूर जाऊन पाहावयास नको. महाराष्ट्रातील २९१ डी. एड. संस्थांच्या मान्यतेचा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत पोचला आणि त्या निमित्ताने न्यायालयाला २०११ साली माजी सरन्यायाधीश न्या. जे. एस. वर्मा ह्यांच्या अध्यक्षतेखाली आयोग नेमावा लागला. त्या आयोगाने ऑगस्ट २०१२ मध्ये अहवाल दिला, तेव्हा ह्या वादग्रस्त संस्थांपैकी बहुतांश संस्था मान्यतेस अपात्र ठरल्या. देशातील अध्यापक शिक्षणाच्या संस्थांपैकी नव्वद टक्क्यांच्या आसपास संस्था खासगी हातांत आहेत, आणि त्यांतील पुष्कळ ठिकाणी शिक्षण ही केवळ पदवी विकण्याची सबब झाली आहे, हे कटू सत्य त्या अहवालाने देशापुढे मांडले. एका राज्यातील वादामुळे साऱ्या देशाच्या अध्यापक शिक्षणाची झडती घ्यावी लागली, आणि ते राज्य आपले होते. महाराष्ट्राने ह्याची खंत बाळगावयास हवी.

तेव्हा विद्यापीठाला खरोखरच काही अधिकार उरला आहे की नाही? आमच्या मते उरला आहे, आणि तो सर्वोच्च न्यायालयानेच स्पष्ट केला आहे. हिमाचल प्रदेशातील भारतीय एज्युकेशन सोसायटीच्या प्रकरणात फेब्रुवारी २०११ मध्ये न्यायालयाने सांगितले की, मान्यता आणि संलग्नीकरण ह्या दोन भिन्न गोष्टी आहेत आणि त्यांचे हेतूही भिन्न आहेत. संस्था चालविण्यास योग्य आहे काय, हे मान्यता पाहते. तिच्या विद्यार्थ्यांनी परीक्षेस बसावयाचे तर प्रवेश, पात्रता आणि शिस्त ह्यांचे नियम पाळले गेले आहेत काय, हे परीक्षा घेणारी संस्था पाहते. मान्यतेमागून संलग्नीकरण आपोआप चालत येत नाही. पुढच्याच वर्षी, डिसेंबर २०१२ मध्ये, उत्तर प्रदेशातील माँ वैष्णोदेवी महिला महाविद्यालयाच्या प्रकरणात न्यायालयाने आणखी दोन गोष्टी घालून दिल्या. पहिली ही की, परिषदेने जे तपासून ठरविले ते विद्यापीठाने वा शासनाने पुन्हा उकरू नये. पण उणीव आढळली तर ती परिषदेला कळवावी आणि परिषदेने तिची दखल घ्यावी. दुसरी ही की, संलग्नीकरणाचा निर्णय दरवर्षी १० मेपर्यंत झालाच पाहिजे. अभियांत्रिकी महाविद्यालयांच्या संदर्भात २०२० साली केरळमधील एका प्रकरणात तर न्यायालयाने असेही म्हटले की, केंद्रीय संस्थेने ठरविलेला मापदंड विद्यापीठाला खाली आणता येणार नाही, पण वर नेता येईल.

कायद्याची रचना अशी पुरेशी स्पष्ट असताना वाद संपत का नाहीत? ह्याचे उत्तर शोधताना आम्हांला किल्लारीच्या जुन्या घरांची आठवण होते. भूकंपानंतर अभियंत्यांनी पडलेल्या घरांची पाहणी केली तेव्हा त्यांना आढळले की, भिंती जाडीत मुळीच कमी नव्हत्या. उणीव बांधणीत होती. दगड मातीत रचलेले होते आणि भिंतीची बाहेरची व आतली रांग एकमेकींना जखडणारे आडवे लांब दगड त्यांत घातलेले नव्हते. धक्का बसताच दोन्ही रांगा सुट्या झाल्या आणि माळवदाचे ओझे झोपलेल्या माणसांवर आले. अध्यापक शिक्षणाच्या व्यवस्थेचे नेमके हेच झाले आहे. नियमांची जाडी भरपूर आहे. मान्यता ही बाहेरची रांग, संलग्नीकरण ही आतली. पण दोहोंना बांधणारा दगड, म्हणजे एकाच वेळी, एकाच पाहणीवर आणि प्रवेशापूर्वी घेतलेला निर्णय, तेवढा घालावयाचा राहून गेला आहे.

ह्या स्थितीचा दोष कोणा एकाचा नाही. परिषदेचा दोष असा की, शेकडो मैल दूर बसून केवळ कागदांवर मान्यता द्यावयाची आणि कागदांवरच ती काढावयाची, ही तिची रीत झाली आहे. २०२५ साली परिषदेने वार्षिक मूल्यमापन अहवाल न दिल्याबद्दल देशातील शेकडो संस्थांची मान्यता काढून घेण्याचा बडगा उगारला. ज्या संस्था नावापुरत्याच उरल्या होत्या त्यांच्याबद्दल कोणी अश्रू ढाळणार नाही. परंतु अहवाल न भरणे आणि न शिकविणे हे एकच अपराध नव्हेत. शासनाचा दोष असा की, स्वतः शिक्षक भरती वर्षानुवर्षे रोखून धरावयाची, २०१२ नंतर नव्या नेमणुकांना खीळ घालावयाची, आणि त्याच वेळी नवी महाविद्यालये निघत असता परिषदेपुढे वेळेवर आणि आकडेवारीनिशी आपली बाजू मांडावयाची नाही. विद्यापीठाचा दोष असा की, त्याच्या स्थानिक चौकशी समित्या येणार हे संस्थेला आधी कळते, त्या दिवशी ग्रंथालयात पुस्तके दिसतात आणि वर्गात अध्यापक दिसतात. समितीची गाडी परतली की दोन्ही अदृश्य होतात.

संस्थाचालकांविषयी काय बोलावे? बी. एड. चा अभ्यासक्रम २०१५ पासून दोन वर्षांचा झाला. २०१४ च्या नियमांप्रमाणे शंभर जागांच्या महाविद्यालयात दोन्ही वर्षांचे मिळून दोनशे विद्यार्थी असतात; त्यांच्यासाठी सोळा पूर्णवेळ अध्यापक हवेत, विद्यार्थ्याने निदान वीस आठवडे प्रत्यक्ष शाळेत काम करावयास हवे, वर्गातील हजेरी ऐंशी टक्के आणि शालेय अनुभवाच्या काळातील हजेरी नव्वद टक्के हवी. हे नियम वाचले म्हणजे मन प्रसन्न होते. मग कित्येक महाविद्यालयांत विद्यार्थी केवळ प्रवेशाला आणि परीक्षेला येतो, एकाच अध्यापकाचे नाव दोन ठिकाणच्या हजेरीपटांवर असते आणि त्याला मिळणारे वेतन सही केलेल्या आकड्याच्या निम्मेही नसते, ही तक्रार गावोगाव का ऐकू येते? ज्याने कधी वर्गात उभे राहून धडा घेतला नाही त्याला शिक्षक म्हणून पदवी मिळावी, हा व्यवहार फसवणुकीहून वेगळा कसा मानावा? आडात नाही ते पोहऱ्यात कोठून येणार?

ह्या संदर्भात ग्रामीण भागातील संस्थाचालक एक युक्तिवाद करतात आणि तो आम्ही हलक्याने घेऊ इच्छीत नाही. त्यांचे म्हणणे असे की, पुण्यामुंबईच्या मापाने औशाची वा निलंग्याची संस्था मोजली तर खेड्यात एकही महाविद्यालय उरणार नाही, आणि मग शिक्षक होणे ही शहरातील मुलांची मिरास होऊन बसेल. ह्यात तथ्य आहे. अपुरे शुल्क, उशिरा मिळणारी शिष्यवृत्तीची रक्कम आणि पात्र अध्यापकांची वानवा ह्या अडचणी खऱ्या आहेत. परंतु ह्याचा निष्कर्ष मापदंड खाली आणावा असा निघत नाही. शासनाने ग्रामीण संस्थेला ते गाठण्यास साह्य करावे, असा निघतो. किल्लारीच्या मुलाला निकृष्ट शिक्षक चालेल, पण पुण्याच्या मुलाला चालणार नाही, असे तर कोणी म्हणणार नाही! निकृष्ट प्रशिक्षणाचे फळ शेवटी त्याच गावच्या जिल्हा परिषद शाळेत पोचते, जेथे मुलाला शिकवणीचा वर्ग लावण्याची ऐपत पालकाजवळ नसते.

दुसरा युक्तिवाद विद्यार्थ्यांच्या नावाने केला जातो. चूक संस्थेची, मग शिक्षा विद्यार्थ्याला का, हा प्रश्न ऐकून कोणत्याही न्यायाधीशाचे मन द्रवावे हे स्वाभाविक आहे. त्यातूनच परीक्षेला तात्पुरते बसू देण्याचे अंतरिम आदेश निघतात. पण अनुभव असा की, ह्या दयेचा लाभ विद्यार्थ्याला कमी आणि संस्थेला अधिक होतो. अंतरिम आदेश हातात आला की संस्था पुढील वर्षी आणखी शंभर मुलांना प्रवेश देते, त्या मुलांची ढाल करून पुन्हा न्यायालयात उभी राहते, आणि अखेरीस निकाल विरुद्ध गेला तर ज्या मुलांनी परीक्षा दिली त्यांच्या हाती काही उरत नाही. मान्यता गेल्यानंतर मिळविलेली पदवी सरकारी सेवेसाठी ग्राह्य नाही, असे कायद्याचे कलम १७ स्पष्ट सांगते. म्हणजे दोन वर्षे, बापाने काढलेले कर्ज आणि वय, तिन्ही गेली. प्रामाणिक दयेची जागा प्रवेशाच्या आधी असते, नंतर नव्हे.

म्हणून आमच्या सूचना मोजक्या आहेत आणि त्यांसाठी नवा कायदा करावा लागत नाही.

पहिली सूचना अशी की, १० मे ही तारीख खरोखर तारीख मानली जावी. त्या दिवशी नांदेडच्या विद्यापीठाने नांदेड, लातूर, परभणी आणि हिंगोली ह्या आपल्या चारही जिल्ह्यांतील प्रत्येक शिक्षणशास्त्र महाविद्यालयाचे नाव, मान्य जागा, संलग्नीकरणाची मुदत आणि मान्यताप्राप्त अध्यापकांची नावे वृत्तपत्रांतून व तहसील कचेऱ्यांतून प्रसिद्ध करावी. बी. एड. चे प्रवेश आता राज्याच्या सामाईक प्रवेश परीक्षा कक्षामार्फत होतात. ज्या महाविद्यालयाचे नाव विद्यापीठाच्या यादीत नाही ते ह्या कक्षाच्या यादीत येणार नाही, एवढी साधी दक्षता घेतली तर निम्मे वाद जन्मालाच येणार नाहीत. डी. एड. ची परीक्षा विद्यापीठ घेत नसून पुण्याची राज्य परीक्षा परिषद घेते. तिनेही हाच नियम पाळावा.

दुसरी सूचना पाहणीची. विद्यापीठाची समिती पूर्वसूचना न देता, आणि शक्यतो शालेय अनुभवाच्या वीस आठवड्यांत, महाविद्यालयात नव्हे तर ज्या शाळांत विद्यार्थी शिकवीत असल्याचे सांगितले जाते त्या शाळांत जावी. तेथे विद्यार्थी शिकवीत असेल तर महाविद्यालय आहे. नसेल तर भिंतींची लांबीरुंदी मोजण्यात अर्थ नाही. जे आढळेल ते सर्वोच्च न्यायालयाने सांगितल्याप्रमाणे परिषदेला लेखी कळवावे, आणि परिषदेने ठरावीक मुदतीत निर्णय द्यावा.

तिसरी सूचना विद्यार्थ्याच्या संरक्षणाची. परिषदेच्या नियमांनुसार प्रत्येक संस्थेला कायम निधीचे ५ लाख आणि राखीव निधीचे ७ लाख रुपये ठेवावे लागतात. मान्यता वा संलग्नीकरण संस्थेच्या दोषामुळे गेले तर चालू विद्यार्थ्यांचे जवळच्या महाविद्यालयात तत्काळ स्थलांतर व्हावे आणि त्यांचे शुल्क ह्या ठेवीतून भागवावे. विद्यार्थी सुरक्षित आहे हे एकदा ठरले म्हणजे त्याला पुढे करून संस्थेला न्यायालयाची सहानुभूती मिळविता येणार नाही, आणि न्यायालयालाही संस्थेचा निवाडा निर्भेळ मनाने करता येईल.

चौथी सूचना न्यायसंस्थेला, आणि ती आम्ही आदरपूर्वक करतो. अशा याचिका जुलै-ऑगस्टऐवजी मार्च-एप्रिलमध्ये सुनावणीस घ्याव्यात, आणि निर्णय लागेपर्यंत नवे प्रवेश देण्याची मुभा अंतरिम आदेशाने सहसा देऊ नये.

हे सर्व आजच करण्याचे आणखी एक कारण आहे. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने २०३० पर्यंत केवळ बी. एड. चालविणाऱ्या एकांड्या महाविद्यालयांचे युग संपवून बहुविद्याशाखीय संस्थांत चार वर्षांचा एकात्म अभ्यासक्रम आणण्याचे ठरविले आहे. त्याचा अर्थ असा की, मराठवाड्यातील बहुसंख्य शिक्षणशास्त्र महाविद्यालयांना एक तर शेजारच्या कला-विज्ञान महाविद्यालयाशी हातमिळवणी करावी लागेल किंवा दरवाजे बंद करावे लागतील. प्रत्येक विलीनीकरणागणिक नवी मान्यता, नवे संलग्नीकरण आणि, जुनीच रीत चालू राहिली तर, नवा खटला. हा लोंढा येणार हे आताच दिसत असताना २०३० ची वाट पाहत बसणे म्हणजे बैल गेला आणि झोपा केला, ह्यातलाच प्रकार होईल. नांदेडच्या विद्यापीठाने कोणत्या तालुक्यात कोणते महाविद्यालय कोणाशी जोडता येईल, कोठे एकही उरणार नाही, आणि तेथील मुलींसाठी काय सोय करावयाची, ह्याचा आराखडा आताच तयार करून लोकांपुढे ठेवावा. किल्लारीसारख्या गावाच्या परिसरात एक तरी सशक्त अध्यापक शिक्षण संस्था टिकली पाहिजे, आणि ती टिकवायची तर तिच्या शेजारच्या दुबळ्या संस्थांना सन्मानाने मिटावयास सांगण्याचे धैर्यही दाखविले पाहिजे.

भूकंपानंतर शासनाने ह्या भागातील घरे पुन्हा बांधली तेव्हा भिंतीत पट्टा घातला आहे की नाही, हे अभियंता स्वतः उभा राहून पाहत असे. घर पूर्ण झाल्यावर तपासून काही उपयोग नाही, हे त्याला ठाऊक होते. शिक्षकाच्या शिक्षणाची तपासणीही अशीच, बांधकाम चालू असताना व्हावयास हवी. परिषद, शासन आणि विद्यापीठ ह्यांनी आपसांतील अधिकारांची मोजणी आता पुरे करावी. येत्या १० मे रोजी एक पूर्ण आणि खरी यादी लोकांच्या हाती पडली, तर ह्या तिघांनी आपले कर्तव्य ओळखले असे आम्ही समजू. ती पडली नाही, तर येणाऱ्या पावसाळ्यात पुन्हा तेच खटले उभे राहतील, आणि त्यांत ज्याचे नाव कोठेच नसेल तो किल्लारीच्या शाळेतला पहिलीचा मुलगा त्यांची खरी किंमत मोजीत राहील.